न झालेली ग्रामसभा

जानकी मेस्त्रीण आमच्या आडेरणची सरपंच झाली तेव्हा गावात कुणी फटाके वाजवले नाहीत. जागा बाईसाठी राखीव होती. ज्यांना आपापल्या बायका उभ्या करायच्या होत्या, त्यांचं आपसात जमेना, म्हणून कुणाचीच नसलेली जानकी पुढे केली. नवरा सुतार होता, तो तरुणपणीच गेला. मूलबाळ नाही. उन्हाळ्यात कोकमं फोडायची, अंगणात सोलं वाळवायची, मीठ घालून रसाचं आगळ काढून बाजाराला पाठवायचं, एवढाच तिचा व्याप. आवाजही असा, की पलीकडच्या पडवीतल्या माणसाला दोनदा विचारावं लागे.

मी तिचा शेजारी. माझा जन्म दशावतारात गेला. राण्या, दासी, शापित अप्सरा, सगळ्या मी लुगडं नेसून केल्या. पेट्रोमॅक्सच्या उजेडात माझ्यासाठी रडलेल्या बायका अजून मला वाटेत थांबवून तब्येत विचारतात. तेव्हा बाई कशी उभी राहते याकडे माझं लक्ष जातंच. जानकी दोन्ही पायांवर सारखा भार देऊन उभी राहायची. आमच्या धंद्यात अशी उभी राहते ती वनवासाला निघालेली राणी नव्हे, वनवासाहून परत आलेली.

सरपंच झाल्यावर तिनं एकच ध्यास घेतला. वरच्या वाडीला पाणी द्यायचं. झरा होता तो देवाच्या राईपलीकडे. राईतली वाळकी काटकीसुद्धा आम्ही घरी आणत नाही. आत शिरताना चपला बाहेर ठेवतो आणि बोलणंही बाहेर ठेवतो. त्या राईच्या कडेनं पाइप न्यायचा, तर सगळ्या गावाची संमती हवी. म्हणून मे महिन्यात शाळेच्या पटांगणात ग्रामसभा भरली, लोकांनी हात वर केले आणि ठराव झाला.

असं जानकी सांगते. मी तेव्हा गावात नव्हतो. डोळ्यांत मोतीबिंदू, म्हणून मुलीकडे पणजीला होतो. परत आलो तेव्हा चर खणून झाला होता आणि सगळा गाव दबक्या आवाजात बोलत होता.

चर राईच्या कडेला लागल्यापासून राईतली पाखरं गप्प झाली होती. उडून गेली नव्हती. फांदीवर बसलेली दिसायची, चोच उघडायची, पण आवाज नाही. मी स्वतः बांधावर उभा राहून पाहिलं. बघताना कानात दडे बसल्यासारखं वाटलं, म्हणून मी खाकरलो, तर माझं खाकरणं नीट ऐकू आलं. मग जयवंत राऊळाची दुभती गाय एकाएकी आटली. मग खणणाऱ्यांपैकी एकाचा पाय सुजला, तो काही उतरेना. काम थांबलं. पाइप चरात पडून राहिले आणि त्यांच्यावर पाला साचू लागला.

तेव्हापासून नाक्यावरच्या दुकानात एकच बोलणं.

"हात कोणी वर केल्यानी?"

"माझो खांदो दुखता रे, मी खयसून हात वर करतलंय?"

"मी तर मागे बसलेलंय. माका काय ऐकाकच येय नाय."

"मागे खय? सभेत की घराक?"

"घराक. घराकच होतंय मी."

असं हळूहळू मागे सरकत सरकत एकेक माणूस सभेतून घरी गेला. ते का, हे मला कळत होतं. सभा झाली असेल, तर राईला हात लावायला गावातल्या प्रत्येकानं हात वर केला होता, आणि आता जे काही येईल ते प्रत्येकाच्या दारी येणार. सभा झाली नसेल, तर ते एकट्या जानकीच्या दारी.

जयवंत राऊळानं तक्रार केली. तो आधी सरपंच होता, आणि पुन्हा व्हायचं त्याच्या मनात होतं, यात लपवण्यासारखं काही नाही. सरपंचबाईंनी सभा न घेताच खोटा ठराव केला, तिला काढून टाका. ठरावाखाली लोकांच्या सह्या होत्या, पण त्यांना कोण विचारतो? आमच्याकडे सह्या नंतर दारोदार फिरून घेतात, हे तालुक्याच्या शिपायालाही ठाऊक आहे.

चौकशी जिल्ह्याच्या मोठ्या साहेबांनी करायची असते. त्यांनी ती तालुक्याच्या साहेबांकडे सोपवली. हे साहेब घाटावरचे, गोरेघारे, बोलायला गोड. पंचायतीच्या कचेरीची कौलं उतरवली होती, म्हणून ते देवळाच्या सभामंडपात बसले. आणि मंडळी, इथेच सगळं फिरलं.

आमच्या देवळात चार माणसांचा विषय निघाला, की आधी देवाला कौल लावतात. गुरव मूर्तीच्या उजव्या आणि डाव्या अंगाला ओल्या पाकळ्या चिकटवतो, गाऱ्हाणं घालतो, आणि कुठली आधी पडते ते बघतो. उजवी पडली तर हो, डावी पडली तर नाही. ज्याच्यावर गाऱ्हाणं, त्यानं तोवर पायरीखाली उभं राहायचं. वर यायचं नाही, तोंड उघडायचं नाही.

वासू गुरवानं साहेबांना विचारलं, "सायबानू, आधी देवाक विचारूया?"

साहेब हसून म्हणाले, "तुमची पद्धत असेल तर विचारून घ्या. मग आपण आपलं काम करू."

त्यांना वाटलं असेल, नारळ फोडतात तसं काहीतरी असेल.

जानकी पायरीखाली उतरली. मी खांबाला टेकून होतो. वासूनं पाकळ्या लावल्या आणि गाऱ्हाणं घातलं. "रे देवा म्हाराजा, शाळेच्या पटांगणात गावाची सभा झाली असात तर उजवो दी, झाली नसात तर डावो दी." एरवी कौल पडायला वेळ लागतो. बायका कुजबुजतात, पोरं खोकतात. त्या दिवशी शेवटचा शब्द वासूच्या तोंडात असतानाच डावी पाकळी पडली. नुसती पडली नाही. कुणी बोटानं उडवावी तशी पुढे येऊन उंबऱ्यावर पडली. वारा नव्हता. समईची ज्योत हललीसुद्धा नाही.

सभामंडपातून एक सुस्कारा निघाला. रंगमंचावर मी पुष्कळ सुस्कारे ऐकले आहेत. हा दुःखाचा नव्हता, सुटकेचा होता.

मग साहेबांनी एकेकाला पुढे बोलावलं. झाली नाय. सभा झाली नाय. आमका काय ठाऊक नाय. जानकी खालीच उभी. तिला फक्त पुटपुट ऐकू येत होती आणि दर माणूस परतताना तिच्या डोक्यावरून पलीकडे बघत होता. कौल झाल्यावर तिनं वर यायचं की नाही हे कुणी सांगितलं नाही, आणि साहेबांना ती तिथे आहे याचा विसर पडला होता. जाताना तिला पायरीखाली बघून ते म्हणाले, "अरे, तुम्ही इथंच होतात? बरं, तुमचं म्हणणं लेखी पाठवून द्या."

त्या संध्याकाळी मी सुनंदाकडे गेलो. सुनंदा जानकीची जाऊ. दोघींचं एकमेकींवाचून पान हलत नसे. साक्षीत तीही नाहीच म्हणाली होती.

"सुनंदा, मी परका नाय. खरा सांग. सभेक गेलेलंस ना?"

"कसल्या सभेक, दाजीकाका?"

"शाळेतल्या."

"झालीच नाय तर जातलंय कशी?" तिनं माझ्यापुढे चहा ठेवला. "तुमका साखर कमी ना?"

मी तिच्या डोळ्यांत बघितलं. सोंग घेणाऱ्यांच्या सोबतीनं माझं आयुष्य गेलंय. खोटं बोलणारा माणूस डोळ्यांच्या मागे कुठेतरी उभा असतो, पडद्याआडून बघणाऱ्या नटासारखा. सुनंदाच्या डोळ्यांमागे कुणीच नव्हतं. ती खोटं बोलत नव्हती. तिच्यातून ती सभा गेलेली होती.

चहा मी तसाच ठेवून उठलो.

वरून हुकूम आला. जानकीला सरपंचपदावरून काढलं. तिनं शिक्का जमा केला, घरी येऊन पडवीत बसली आणि मला हाक मारली.

"दाजीकाका, सभा झाली होती ना?"

"मी नव्हतंय गे."

"तुमी नव्हतास म्हणानच इचारतंय. असतास तर तुमी पण नायच म्हटलं असतास."

"तुका काय वाटता?"

तिनं शिक्क्याची शाई लागलेलं बोट पदराला पुसलं. मग म्हणाली, "माका दिसता सगळा. माणसा दिसतत, खुर्ची दिसता, हात दिसतत. पण एकटीक दिसला तर ताका काय म्हणतत, ठाऊक आसा ना तुमका?"

ठाऊक होतं. आमच्याकडे त्याला लागीर म्हणतात, भुताची बाधा.

तिला खुर्ची नको होती. गावानं एकदा म्हणावं, सभा झाली, एवढंच हवं होतं. त्यासाठी ती हायकोर्टात गेली. आगळाच्या बाटल्या विकून उरलेलं तिनं काढलं, थोडं मी घातलं, आणि सावंतवाडीच्या एका वकिलानं मुंबईतला वकील गाठून दिला. मीही सोबत गेलो. कोर्ट बघायची हौस होती, नाही म्हणत नाही. काळे झगे, उंच आसन, आत येणाऱ्यानं वाकायचं. पण तिथे कुणी मोठ्यानं बोलत नाही. आमच्या नाटकात राजा असा हळू बोलला असता तर लोकांनी टोप्या फेकल्या असत्या.

न्यायमूर्तींनी तालुक्याच्या साहेबांचा अहवाल चाळला आणि सरकारी वकिलाला विचारलं, "चौकशी करायची होती जिल्ह्याच्या अधिकाऱ्यांनी. केली कुणी?"

"त्यांच्या वतीनं तालुक्याच्या अधिकाऱ्यांनी, माय लॉर्ड."

"कायद्यानं कान ज्याला दिले आहेत, त्यानं दुसऱ्याच्या कानांनी कसं ऐकायचं? आणि साक्षी चालू असताना या बाई कुठे होत्या?"

"पायरीखाली, माय लॉर्ड. तिथला रिवाज आहे."

"कुणाचा? कायद्याचा की देवळाचा?"

सरकारी वकील कागद शोधू लागले. न्यायमूर्ती आणखी हळू आवाजात म्हणाले, "देवाच्या निर्णयावर हे न्यायालय काही म्हणत नाही. सरकारनं मात्र स्वतःचा निर्णय स्वतः घ्यावा, आणि जिच्याविरुद्ध घ्यायचा तिच्यासमोर."

हुकूम रद्द झाला. पुन्हा चौकशी करा, तोवर बाई सरपंच. बाहेर येताच वकील हात पुसत म्हणाले, "जिंकलो, बाई."

"सभा झाली असा म्हटल्यानी काय त्यांनी?" जानकीनं विचारलं.

"ते कोर्ट बघत नाही. चौकशी नीट झाली की नाही, एवढंच कोर्ट बघतं."

"मगे सभा झाली काय नाय, ता कोण बघतलो?"

वकिलांनी माझ्याकडे पाहिलं. मी छताकडे पाहिलं.

पुन्हा चौकशीला जिल्ह्याच्या मोठ्या साहेब स्वतः आल्या. बाई होत्या, सडसडीत, हातात पाण्याची बाटली. शाळेच्या वर्गात बसल्या. देऊळ नको, कौल नको, एकेकानं आत यायचं, आणि सरपंचबाई समोर बसतील, त्यांना प्रश्न विचारता येतील. बाकीचे व्हरांड्यात. मी खिडकीशी जागा धरली. सगळे प्रयोग मी विंगेतूनच बघितले आहेत.

पहिला म्हणाला, झाली नाय. दुसरा म्हणाला, झाली नाय. जानकी काही विचारीना. साहेबबाई म्हणाल्या, "अहो, विचारा काहीतरी." ती मान हलवून नको म्हणाली. मला वाटलं, संपलं. हिच्यातूनही ती सभा गेली.

मग सुनंदा आत आली.

"ग्रामसभा झाली होती का?" साहेबबाईंनी विचारलं.

"नाय झाली."

जानकी तिच्याकडे वळली. आवाज नेहमीसारखाच बारीक. "सुनंदा, त्या मे महिन्यात माझ्या अंगणातली सोलां माकडांनी खाल्ली, ता तुका आठवता?"

सुनंदाला हसू आलं. "आठवता तर. तोंडा लाल करून कशी नाचत होती मेली. तुझी चादर पण न्हेल्यानी."

"त्यांका हाकलल्यान कोणी?"

"आमी सगळ्याजणी. तू, मी, राऊळांची वयनी. माझी चप्पल तुटली धावताना."

"खयसून धावलंव आमी?"

"शाळेकडसून."

"शाळेत काय करीत होतंव?"

सुनंदाचं तोंड उघडंच राहिलं. राईतल्या पाखरांची चोच उघडी राहायची, तसं. वर्गात इतकं शांत झालं, की साहेबबाईंनी बाटलीचं झाकण लावलं तेसुद्धा ऐकू आलं.

"बसलेलंव," सुनंदा म्हणाली.

"कित्याक?"

"हात वर करूक."

आणि तिचा उजवा हात वर गेला. तिनं उचलला असं मी म्हणणार नाही. ती स्वतः त्या हाताकडे बघत होती, दुसऱ्या कुणाचा असावा तसं. मी मागे वळलो. व्हरांड्यात राऊळांच्या वहिनींचा हात वर होता. त्यांच्या मागच्या म्हातारीचा. ज्याचा खांदा दुखत होता त्याचाही. एक शब्द न बोलता, पुढे बघत, एकामागून एक हात वर जात होते, आणि कुणी कुणाकडे बघत नव्हतं. जयवंत राऊळानं आपला उजवा हात डाव्यानं घट्ट धरून ठेवला होता आणि त्याच्या कपाळावर घाम होता.

साहेबबाई बाहेर येऊन त्या हातांकडे बघत उभ्या राहिल्या. त्यांच्या कारकुनानं हळूच विचारलं, "मॅडम, हे कसं लिहायचं?"

"सभा झाली होती, असं लिहा," त्या म्हणाल्या आणि लवकर निघून गेल्या.

तक्रार फेटाळली गेली. जानकीनं घरी येऊन पोटभर पेज खाल्ली. फार दिवसांनी मी तिला खाताना बघितलं. पाइप जोडले गेले. वरच्या वाडीला पाणी आलं. राईतली पाखरं एका सकाळी ओरडायला लागली, आणि आमचा जीव भांड्यात पडला.

पण देव बोलेना.

सभा झाली होती, तर मग डावा कौल कसा पडला? हे कुणी कुणाला विचारलं नाही. पण पुढच्या सोमवारी एकजण लग्नाचं विचारायला देवळात गेला. वासूनं पाकळ्या लावल्या. एकही पडली नाही. दुपारपर्यंत वाट बघितली. दुसऱ्या दिवशी त्या तशाच मूर्तीवर वाळलेल्या. मग जो जो गेला त्याचं तेच झालं. पाकळ्या वाळून तपकिरी होत, पण अंग सोडत नसत. वासू मला म्हणाला, "दाजी, देव रागावलो नाय. रागावलो असतो तर माका कळला असता. तो ऐकताच नाय. कोणीतरी उठान गेल्यासारख्या वाटता." त्यानं नंतर पाकळ्या लावणंच सोडलं.

माणसाला पुढचं पाऊल टाकायच्या आधी कुणाला तरी विचारायचं असतं. ज्याला इतके दिवस विचारलं तो गप्प झाल्यावर लोक कुठे जाणार?

पहिला आला तो माडाचा बागायतदार. जानकीच्या अंगणात आला, पडवीची पायरी चढला नाही. खालीच हात जोडून उभा राहिला. "सरपंचबाय, विहीर पूर्वेक खणू काय?"

"माका काय इचारतंस? पाणी बघणाऱ्याक इचार."

तो हलेना. शेवटी तिनं वैतागून उजव्या हातानं जा जा अशी खूण केली. तो त्या उजव्या हाताकडे बघून, कौल मिळाल्यासारखा समाधानानं गेला. पाणी लागलं.

मग रोज कुणीतरी येऊ लागलं. मुलीचं स्थळ, वाटणीचा बांध, मुंबईला जावं की नाही. पायरीखाली उभे राहायचे, विचारायचे आणि तिच्या हातांकडे बघत राहायचे. तोंडाकडे नाही. ती काय बोलते ते कुणी ऐकतच नव्हतं. कुणाचं म्हणणं ऐकून न घेता त्याचा निकाल लावू नये, म्हणून जी मुंबईपर्यंत गेली, तिचं आता एक अक्षर कुणाच्या कानात शिरत नव्हतं. जयवंत राऊळही आला. हात जोडून, खाली बघत, मुलाच्या नोकरीचं विचारायला. टोमणा मारायला आला असता तर तिला बरं वाटलं असतं, असं ती मला म्हणाली.

एकदा सुनंदा आली. जाऊ म्हणून नाही, बाकीच्यांसारखी. पायरीखाली उभी राहून तिनं धाकट्या मुलीच्या लग्नाचं विचारलं. जानकीच्या डोळ्यांत पाणी आलं. "अगे, वर ये. चाय पी. माका काय इचारतंस, तुझी मुलगी ती माझी मुलगी." आणि घाईघाईनं भांडं भरून पुढे केलं, ते डाव्या हातानं. उजवा आगळानं भरलेला होता.

सुनंदानं त्या हाताकडे बघितलं. भांडं घेतलं नाही. घरी जाऊन तिनं ते लग्न मोडलं. मुलगा चांगला होता, मुलीचं मन होतं.

मी समजावायला गेलो, तर सुनंदा शांतपणे म्हणाली, "कसला लग्न, दाजीकाका? ठरलाच नव्हता."

ते तेच डोळे होते.

सरपंचपदाची मुदत संपायला अजून बराच काळ आहे. परवा सकाळी मी तिच्याकडे गेलो. अंगणात दोघेतिघे उभे होते, पायरीखाली. जानकी पडवीत बसली होती आणि तिनं दोन्ही हात पदराखाली घेऊन मांडीशी आवळून धरले होते. समोर कोकमांची रास तशीच, न फोडलेली. माश्या बसत होत्या. एक तिच्या गालावर बसली, फिरली, डोळ्याच्या कडेपर्यंत गेली. तिनं हात काढला नाही.

"दाजीकाका," ती हळूच म्हणाली, "तेवढी माशी हाकला."

मी हात उचलला. अंगणातली माणसं माझ्या हाताकडे बघू लागली.